रेझिंग हेल
रॅप व रॉक या दोन संगीतप्रकारांच्या संयोगामुळे प्रसिद्धी पावलेली अमेरिकन हिप हॉप ध्वनिमुद्रिका. ‘रन-डी.एम.सी.’ या न्यूयॉर्कमधील त्रयीचा हा तिसरा अल्बम प्रोफाइल रेकॉर्ड्स या कंपनीने १५ मे १९८६ रोजी प्रकाशित केला. रसेल सिमन्स व रिक रूबिन हे त्याचे निर्माते होत. अल्बममध्ये १२ गीते असून त्यांचा एकूण कालावधी सु. ४० मिनिटे आहे. त्यांपैकी ‘वॉक धिस वे’ हे गीत एरोस्मिथ या रॉक वाद्यवृंदातील दोघा कलावंतांच्या सहभागाने सादर झाले व जगभर गाजले. कृष्णवर्णीयांचे रॅप आणि गोऱ्यांचे रॉक यांची ही पहिली भेट, असा या अल्बमचा गौरव वारंवार केला जातो. तथापि हिप हॉपचा पूर्वेतिहास पाहता हे विधान फारसे टिकत नाही. रॉकच्या तबकड्या हिप हॉपच्या घडणीत प्रारंभापासूनच होत्या; १९८६ मध्ये त्या केवळ श्वेतवर्णीय श्रोत्यांच्या दृष्टीस पडल्या.

हिप हॉपचा उगम न्यूयॉर्कच्या ब्राँक्स या विभागात झाला. जमेकात जन्मलेला क्लाइव्ह कँबल ऊर्फ डीजे कूल हर्क याने ११ ऑगस्ट १९७३ रोजी सेजविक अ‍ॅव्हेन्यूवरील आपल्या इमारतीत भरविलेला नृत्यमेळावा हा त्याचा आरंभबिंदू मानण्याचा प्रघात आहे. नाचणाऱ्यांना गीतापेक्षा त्यातील केवळ तालवाद्यांचा तुकडा अधिक आवडतो, हे हर्कने हेरले. एकाच ध्वनिमुद्रिकेच्या दोन प्रती दोन यंत्रांवर ठेवून तो तेवढा तुकडा आळीपाळीने वाजवी. त्यामुळे काही सेकंदांचा ताल हवा तितका लांबविता येई. या तुकड्यास ‘ब्रेक’ अशी संज्ञा आहे. अशा तालावर निवेदक यमकबद्ध पठण करू लागले आणि त्यातून रॅप आकारास आले. ब्रेक कोणाच्या गीतातील आहे, यास या मंडळींच्या लेखी महत्त्व नव्हते. फंक, सोल, लॅटिन संगीत यांच्या जोडीला बिली स्क्वायर व एरोस्मिथ यांच्यासारख्या गोऱ्या रॉक कलावंतांच्या तबकड्याही डीजेंच्या पेटीत असत. आपले तुकडे प्रतिस्पर्ध्यांस ओळखता येऊ नयेत, म्हणून तबकडीवरील नावाची चिठ्ठी भिजवून काढून टाकण्याचीही चाल होती. मूळ गायकाचे नाव या पिढीस पुष्कळदा ठाऊकच नसे, याचे एक कारण हे होय.

जोसेफ सिमन्स (‘रन’), डॅरिल मॅक्डॅनियल्स (‘डी.एम.सी.’) व डीजे जेसन मिझेल (‘जॅम मास्टर जे’) हे तिघे क्वीन्स विभागातील हॉलिस या वस्तीत वाढले. रसेल सिमन्स हा जोसेफचा थोरला भाऊ. १९७९ मध्ये शुगरहिल गँग या गटाच्या ‘रॅपर्स डिलाइट’ला मोठे यश लाभले होते, परंतु त्या काळातील बहुतेक रॅप ध्वनिमुद्रिकांत वाद्यवृंदाची डिस्कोसदृश साथ असे आणि कलावंतांचा पोशाखही झगमगीत असे. रन-डी.एम.सी.ने दोन्हींचा त्याग केला. त्यांच्या १९८३ मधील पहिल्या ध्वनिमुद्रिकेत ड्रम यंत्राचे कठोर ठोके आणि आलटून पालटून एकमेकांची वाक्ये पुरी करणारे दोन आवाज यांखेरीज फारसे काही नाही. काळी हॅट, चामडी जाकीट आणि नाड्या नसलेले आदिदास बूट हा त्यांचा वेश म्हणजे हॉलिसच्या रस्त्यावरचाच वेश होता. रन-डी.एम.सी. (१९८४) या पहिल्या अल्बममधील ‘रॉक बॉक्स’ या गीतात एडी मार्टिनेझ याने विद्युत् गिटार वाजविली. त्याचे चित्रीकरण एमटीव्ही या दूरचित्रवाहिनीवर दाखविले गेले. १९८१ मध्ये सुरू झालेल्या या वाहिनीवर कृष्णवर्णीय कलावंतांना जवळजवळ स्थान मिळत नसे व त्याबद्दल तिच्यावर सतत टीका होई. दुसऱ्या अल्बमचे नावच किंग ऑफ रॉक (१९८५) असे होते. गिटारचा प्रयोग त्रयीला नवा नव्हता, हे यावरून स्पष्ट व्हावे.

तिसऱ्या अल्बमसाठी आधीच्या दोन्ही अल्बमांचा सहनिर्माता लॅरी स्मिथ याच्या जागी रिक रूबिन आला. रूबिन हा लाँग आयलंडमधील गोरा तरुण हार्ड रॉक व पंक यांवर वाढलेला होता. विद्यार्थिदशेतच न्यूयॉर्क विद्यापीठाच्या वसतिगृहातून त्याने डेफ जॅम ही ध्वनिमुद्रिका कंपनी सुरू केली होती. अनावश्यक ते सर्व काढून टाकणे ही त्याची कार्यपद्धती. गिटारचा थर तालावर पसरण्याऐवजी मूळ तबकडीतील मोजका तुकडाच गीताचा कणा करावा, असे धोरण येथे दिसते. ‘पीटर पायपर’ हे आरंभीचे गीत बॉब जेम्स या जॅझ वादकाच्या एका मुद्रणातील घंटानादयुक्त तालावर उभे आहे. जे ध्वनिमुद्रिका पुढेमागे सरकवून तिचेच तालवाद्य करतो आणि दोघे गायक बालगीतांतील पात्रांच्या मिषाने त्याचीच स्तुती करतात. ब्राँक्समधील मेळाव्यांची परंपरा जितकी शुद्ध येथे ऐकू येते, तितकी अल्बमातील गाजलेल्या गीतांत येत नाही. कलादृष्ट्या हेच यातील सर्वोत्तम गीत म्हणता येईल. ‘इट्स ट्रिकी’मध्ये द नॅक या रॉक वाद्यवृंदाच्या ‘माय शरोना’तील गिटारची स्वरावली वापरली आहे. शीर्षकगीतात स्वतः रूबिनची गिटार आहे. मात्र उरलेल्या बहुसंख्य गीतांत रॉकचा अंश अल्प आहे.

‘वॉक धिस वे’ हे मूळ गीत एरोस्मिथच्या टॉइज इन द अ‍ॅटिक (१९७५) या अल्बममधील. त्याच्या प्रारंभी केवळ ड्रम वाजतात आणि मग गिटार येते. हा ड्रमचा तुकडा न्यूयॉर्कच्या डीजेंमध्ये पूर्वीपासून लोकप्रिय होता. रन व डी.एम.सी. त्यावर स्वतःचे रॅप करीत. गायकाचा आवाज सुरू होण्यापूर्वीच तबकडी मागे फिरविली जात असल्याने गीताचे शब्द त्यांनी कधी ऐकलेच नव्हते. अल्बमचे नाव हेच वाद्यवृंदाचे नाव, अशी त्यांची समजूत होती. मूळ शब्दांसह संपूर्ण गीत गावे, ही कल्पना रूबिनची. दोघांनाही ते शब्द गावठी व निरर्थक वाटले आणि त्यांनी प्रथम विरोध केला. मार्च १९८६ मध्ये गायक स्टीव्हन टायलर व गिटारवादक जो पेरी मॅनहॅटनमधील ध्वनिमुद्रणगृहात आले, तेव्हा एरोस्मिथची अवस्था खालावलेली होती. पेरीने १९७९ मध्ये वाद्यवृंद सोडला होता. १९८४ मध्ये तो परतला, पण पुढील वर्षीच्या अल्बमला यश मिळाले नाही. व्यसनांनीही दोघांना ग्रासले होते. अस्तंगत होऊ पाहणाऱ्या तारकांना त्या वेळी ऐन भरात असलेल्या रॅप गटाने हात दिला, असाच या भेटीचा खरा अर्थ होता.

गीताच्या चित्रीकरणात मात्र ही भूमिका नेमकी उलटी झालेली दिसते. जॉन स्मॉल याने दिग्दर्शित केलेल्या या चित्रफितीत शेजारशेजारच्या दोन खोल्यांत दोन गट सराव करीत असून मध्ये भिंत आहे. टायलर ध्वनिक्षेपकाच्या दांड्याने ती फोडतो आणि शेवटी रंगमंचावर सर्व एकत्र येतात. चित्रफीत परिणामकारक आहे, यात शंका नाही. पण भिंत फोडणारा गोरा गायक आणि पलीकडून दिसणारे कृष्णवर्णीय तरुण ही प्रतिमा लोकांच्या मनात राहिली. ज्या डीजेंनी दहा वर्षांपूर्वीच ती भिंत ओलांडली होती, त्यांचा तीत मागमूस नाही. ‘बिलबोर्ड’च्या गीतसूचीत मूळ गीत १९७७ मध्ये दहाव्या क्रमांकापर्यंत पोहोचले होते, नवे रूप १९८६ मध्ये चौथ्या क्रमांकावर गेले. पुढच्याच वर्षी पर्मनंट व्हेकेशन या अल्बमद्वारे एरोस्मिथचे पुनरागमन झाले.

अल्बमचे यश त्या काळी अभूतपूर्व होते. ‘बिलबोर्ड’च्या सर्वसाधारण अल्बमसूचीत तो तिसऱ्या क्रमांकावर पोहोचला, पहिल्या दहांत येणारा हा पहिला रॅप अल्बम होय. दहा लाख प्रतींच्या विक्रीबद्दल ‘प्लॅटिनम’ मानांकन मिळविणाराही तोच पहिला आणि १९८७ पर्यंत ही संख्या तीस लाखांवर गेली. ‘माय आदिदास’ या गीताचा उगम लक्षणीय आहे. नाड्या नसलेले बूट ही तुरुंगातील पद्धत असून ते घालणारी मुले गुंड असतात, अशी टीका होत असे. आमचे बूट घेऊन आम्ही चांगल्या कामासाठी जगभर फिरलो, असे या गीताचे उत्तर आहे. जुलै १९८६ मध्ये न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमधील कार्यक्रमात रनने श्रोत्यांना आपापले बूट उंच धरण्यास सांगितले आणि हजारोंनी ते धरले. आदिदास या जर्मन कंपनीचा एक अधिकारी तेथे उपस्थित होता. त्यानंतर कंपनीने गटाशी दहा लाख डॉलरांहून अधिक रकमेचा करार केला. खेळाडू नसलेल्या कलावंतांशी क्रीडासाहित्य कंपनीने केलेला असा मोठा करार तेव्हा नवलाचा होता.

या यशास लगेच गालबोट लागले. १७ ऑगस्ट १९८६ रोजी कॅलिफोर्नियातील लाँग बीच येथे कार्यक्रमाच्या वेळी स्थानिक टोळ्यांत मारामारी होऊन चाळीसच्या वर लोक जखमी झाले. रन-डी.एम.सी. रंगमंचावर येण्यापूर्वीच हे घडले होते. तरी अनेक वृत्तपत्रांनी दोष रॅप संगीतावर टाकला. वास्तविक या गटाच्या गीतांत शिक्षण, श्रम व व्यसनमुक्ती यांचा पुरस्कार आढळतो. ऑक्टोबरमध्ये लॉस अँजेल्सच्या एका नभोवाणी केंद्राने टोळीयुद्धे थांबविण्यासाठी शांतिदिन पाळला, त्यातही या कलावंतांनी भाग घेतला.

अल्बमचे शेवटचे गीत ‘प्राउड टू बी ब्लॅक’ तुलनेने दुर्लक्षित राहिले. त्यात गुलामांच्या मुक्तीसाठी झटणारी हॅरिएट टबमन, कृषिशास्त्रज्ञ जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर (वीणा गवाणकर यांच्या १९८१ मधील एक होता कार्व्हर या चरित्रामुळे मराठी वाचकांना सुपरिचित) इत्यादींचे स्मरण केलेले आहे. रॉकच्या चाहत्यांनी डोक्यावर घेतलेल्या अल्बमचा शेवट अशा गीताने व्हावा, ही निवड विचारपूर्वक केलेली दिसते. रूबिननेच निर्मिलेला बीस्टी बॉइज या गोऱ्या त्रयीचा लायसन्स्ड टू इल हा अल्बम नोव्हेंबर १९८६ मध्ये आला आणि १९८७ मध्ये ‘बिलबोर्ड’सूचीत पहिल्या क्रमांकावर जाणारा पहिला रॅप अल्बम ठरला. रन-डी.एम.सी.ला तो क्रमांक कधीच लाभला नाही. १९९१ मध्ये पब्लिक एनिमी व अँथ्रॅक्स यांनी ‘ब्रिंग द नॉइज’ एकत्र सादर केले, तेव्हा दोन्ही गटांना एकमेकांचे संगीत पुरते परिचित होते; त्यानंतर रेज अगेन्स्ट द मशीनसारख्या वाद्यवृंदांनी हा प्रकार पुढे नेला.

जेसन मिझेल याची ३० ऑक्टोबर २००२ रोजी क्वीन्समधील ध्वनिमुद्रणगृहात गोळी घालून हत्या झाली आणि उरलेल्या दोघांनी गट विसर्जित केला. २००९ मध्ये रन-डी.एम.सी.चा ‘रॉक अँड रोल हॉल ऑफ फेम’मध्ये समावेश झाला. अमेरिकेच्या ‘लायब्ररी ऑफ काँग्रेस’ने राष्ट्रीय ध्वनिमुद्रण नोंदवहीच्या २०१७ च्या यादीत रेझिंग हेलची नोंद केली.