पाटणचा शिलालेख

पाटणचा शिलालेख : भास्कराचार्यांच्या सिद्धान्तशिरोमणी या ग्रंथाच्या अध्यापनासाठी स्थापन झालेल्या मठाचा दानलेख. स्थळ पाटण (आजचे पाटणादेवी), ता. चाळीसगाव, जि. जळगाव. लेखातला काळ शके ११२८, प्रभव संवत्सर, श्रावणी पौर्णिमेचे चंद्रग्रहण. अभ्यासकांनी ही तिथी ९ ऑगस्ट १२०७ अशी लावली आहे. लेख बहुतांश संस्कृत पद्यात असून अखेरचा भाग जुन्या मराठीत आहे.

देवाच्या पूजेअर्चेसाठी, नंदादीपासाठी, ब्राह्मणभोजनासाठी दिलेल्या दानांचे लेख महाराष्ट्रात गावोगाव सापडतात. येथे मात्र पूजास्थानी एक पोथी आहे, आणि ती पोथी गणित व ज्योतिषाची आहे. ग्रंथाला देवाच्या बरोबरीने जमीन आणि उत्पन्न तोडून द्यावे, ही कल्पना सुमारे आठशे वर्षांपूर्वीच्या खानदेशात कुणाला तरी सुचली आणि ती त्याने तडीस नेली. या लेखाचे मोल मुख्यतः त्यात आहे.

मठ स्थापन करणारा चांगदेव हा भास्कराचार्यांचा नातू आणि देवगिरीच्या यादव सिंघणाचा ज्योतिषी. (योगी चांगदेवांशी त्याचा संबंध नाही.) दान देणारे पाटणचे निकुंभवंशीय मांडलिक सोइदेव आणि त्याचा धाकटा भाऊ हेमाडिदेव. शांडिल्य गोत्रातल्या या विद्वान घराण्याची वंशावळ लेखात ओळीने येते : त्रिविक्रम, भोजराजाकडून विद्यापती ही पदवी मिळवणारा भास्करभट्ट, मग गोविंद, प्रभाकर, मनोरथ, महेश्वर, त्याचा मुलगा भास्कराचार्य, भास्कराचार्यांचा मुलगा लक्ष्मीधर आणि लक्ष्मीधराचा चांगदेव. लक्ष्मीधराला यादव राजा जैत्रपालाने याच पाटणहून नेऊन आपल्या पदरच्या पंडितांत अग्रस्थान दिले. मठासाठी घातलेली अट स्पष्ट आहे : भास्कराचार्यांचे सिद्धान्तशिरोमणी आदी ग्रंथ आणि त्यांच्या वंशजांचे इतर ग्रंथ येथे नेमाने शिकवले गेले पाहिजेत. नातवाने आजोबाचे मंदिर न उभारता त्यांच्या ग्रंथांची शाळा उभारली.

संस्कृत श्लोक राजे आणि पंडित यांच्याविषयी बोलतात. मराठी ओळी येतात त्या थेट बाजारात. मठाला कुणी काय द्यायचे, हे ज्यांना द्यायचे होते त्यांच्याच भाषेत कोरले आहे. पाटणच्या पेठेत माल मापायचा तो मठाच्या मापाने. मापणावळीतला अर्धा वाटा मठाचा, अर्धा मापाऱ्याचा. गावात जितके घाणे चालतील तितक्यांमागे पळीपळी तेल मठाला. तेली, मापारी आणि पेठेत माल घेऊन येणारी गिऱ्हाइके यांच्यावर ग्रहगणिताच्या पाठशाळेचा भार थोडाथोडा विभागला होता. ज्ञानेश्वरीच्या सुमारे त्र्याऐंशी वर्षे आधीची ही व्यवहाराची मराठी असल्याने भाषेच्या अभ्यासकांनाही हा लेख महत्त्वाचा वाटतो.

ज्या ग्रंथासाठी ही सारी व्यवस्था झाली, तो सिद्धान्तशिरोमणी भास्कराचार्यांनी शके १०७२ मध्ये (इ. स. ११५०) वयाच्या छत्तिसाव्या वर्षी पुरा केला. लीलावती, बीजगणित, ग्रहगणित आणि गोलाध्याय हे त्याचे चार भाग. बीजगणितात वर्गसंख्यांची कोडी सोडवण्याची चक्रवाल पद्धत आहे. एखाद्या वर्गसंख्येची ६१ पट करून त्यात १ मिळवला, की पुन्हा वर्गसंख्याच यावी, असे उदाहरण भास्कराचार्य घालतात. त्याचे सर्वांत लहान उत्तर २२,६१,५३,९८० या संख्येचा वर्ग घेतल्यावर मिळते. फ्रान्सच्या फर्माने नेमकी ६१ हीच संख्या घेऊन १६५७ मध्ये युरोपातल्या गणितज्ञांपुढे हे कोडे टाकले. तोवर पाटणच्या मठाला साडेचारशे वर्षे होऊन गेली होती.

लीलावतीभोवती एक कथाही वाढली. भास्कराचार्यांची मुलगी लीलावती, तिच्या विवाहाचा मुहूर्त साधण्यासाठी मांडलेले घटिकापात्र, वाकून पाहताना तिच्या अंगावरचा मोती पात्रात पडून छिद्र बुजणे, टळलेला मुहूर्त, आणि दुःखी मुलीसाठी बापाने लिहिलेला ग्रंथ. अकबराच्या दरबारातल्या फैजीने १५८७ मध्ये लीलावतीचा फारसी अनुवाद केला, त्याच्या प्रस्तावनेत ही कथा येते. खुद्द ग्रंथात 'बाले', 'सखे' अशी संबोधने आहेत, पण विवाहाचा आणि मोत्याचा पत्ता नाही. पाटणच्या लेखातही मुलगी नाही. अर्थात अशा वंशावळींत मुलींची नावे कोरण्याची रीतच नव्हती, त्यामुळे लेखाच्या मौनावरून कोणताही निकाल काढू नये. कथा गोड आहे आणि तिने ग्रंथ घरोघर पोचवला हे खरे. मठाची हकीकत मात्र दगडात कोरलेली आहे, आणि तिची ओळख त्या कथेच्या शतांशानेही झालेली नाही, याची खंत वाटते.

भास्कराचार्यांनी आपले गाव सह्याद्रीच्या आश्रयाचे विज्जडविड असे सांगितले आहे. ते विजापूर की पाटणच्या परिसरातले, हा वाद जुना आहे. गौताळ्याच्या डोंगरकुशीतले पाटण वर्णनाला जुळते, आणि घराण्याचे येथले वास्तव्य लेखावरून दिसते. पण मठ नातवाने काढला, एवढ्यावरून आजोबांचा जन्मही येथलाच असे ठरत नाही.

येथल्या भवानीच्या देवळातील हा लेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. भास्कराचार्य आदी ज्योतिर्विदांच्या काळाविषयीच्या त्यांच्या निबंधातून तो १८६५ मध्ये विद्वानांपुढे आला. पुढे कीलहॉर्न यांनी 'एपिग्राफिया इंडिका'च्या पहिल्या खंडात त्याचे संपादन केले.

याच घराण्याची आणखी एक खूण चाळीसगाव तालुक्यातच, गिरणाकाठच्या बहाळ गावी आहे. तेथल्या शके ११४४ च्या (इ. स. १२२२) लेखात सिंघणाचा ज्योतिषी अनंतदेव याने भवानीचे देऊळ बांधल्याची नोंद आहे. अनंतदेव हा भास्कराचार्यांचा भाऊ श्रीपती याचा नातू. ब्रह्मगुप्ताच्या ग्रंथातील एका अध्यायावर आणि वराहमिहिराच्या बृहज्जातकावर त्याने टीका लिहिल्या होत्या, हेही देवळाच्या त्या लेखात आवर्जून कोरले आहे.