मतपेटी आणि कुऱ्हाड

इतिहास लिहिणारे मोठ्या पक्षांची चरित्रे लिहितात. लहान पक्षाच्या वाट्याला तळटीप येते. आज आम्ही अशाच एका तळटिपेविषयी बोलणार आहोत.

ऑस्ट्रेलियाच्या पूर्वेस पॅसिफिक महासागरात न्यू कॅलेडोनिया हा द्वीपसमूह आहे. 1853 साली फ्रान्सने तो बळकावला. मुख्य बेटावरील कनाक लोकांच्या जमिनी गोऱ्या वसाहतवाल्यांकडे गेल्या, निकेलच्या खाणी निघाल्या, आणि मूळचे धनी राखीव वस्त्यांत कोंडले गेले. 1878 साली अताई या नायकाने उठाव केला. तो मोडून काढण्यात आला. सर्व प्रौढ कनाकांना मताचा अधिकार मिळायला 1957 साल उजाडावे लागले. मत हाती आले, पण लवकरच मतदारांचे गणितच फिरले. 1969 च्या सुमारास निकेलला तेजी आली आणि बाहेरून माणसांची रीघ लागली. 1972 साली फ्रान्सचे पंतप्रधान मेस्मेर यांनी एका पत्रात स्वच्छच लिहिले, की स्वातंत्र्याची मागणी टाळायची तर फ्रेंच नागरिक तेथे मोठ्या संख्येने नेऊन वसवले पाहिजेत. 1983 च्या खानेसुमारीत कनाक सुमारे 43 टक्के होते. स्वतःच्या देशात अल्पसंख्य!

निदोइश नेसलिन हे मारे बेटावरील ग्वामा येथील वंशपरंपरागत प्रमुखाचे पुत्र. पॅरिसला शिकून ते परतले आणि 1969 साली त्यांनी ‘लाल रुमाल’ नावाची तरुणांची संघटना उभी केली. कनाक भाषांत पत्रके काढली म्हणून त्यांना अटक झाली. पुढे 1976 साली कनाक मुक्ती पक्ष निघाला. 1981 साली त्यातून फुटून नेसलिन व त्यांचे सहकारी ‘कनाक समाजवादी मुक्ती’ या नावाने वेगळे झाले. गादीवरचा समाजवादी, असे म्हणून आमचे काही सोबती हसतात. पण तेथील प्रमुख म्हणजे आपल्याकडचा खंड वसूल करणारा जमीनदार नव्हे. जमीन कुळांची असते. प्रमुखाला ती विकता येत नाही.

खरी कसोटी आली 1984 साली. नव्या कायद्याखाली निवडणूक जाहीर झाली. मतदारयादी तीच, म्हणजे निकालही ठरलेलाच. बहुतेक स्वातंत्र्यवाद्यांनी एकजुटीची नवी आघाडी उभारली व सक्रिय बहिष्कार पुकारला. 18 नोव्हेंबरला कानाला गावी एलुआ माशोरो यांनी कुऱ्हाडीने मतपेटी फोडली. नेसलिन यांचा पक्ष मात्र आघाडीबाहेर राहिला आणि निवडणुकीला उभा राहिला.

त्यांना फितूर म्हटले गेले असेल तर नवल नाही. संपात कामावर जाणाऱ्याला आपण काय म्हणतो? पण आम्ही कामगारांत तीस वर्षे वावरलो आहोत. माणूस संपाबाहेर का राहतो हे त्याच्या घरची चूल पाहिल्याशिवाय कळत नाही, हे आम्हांला ठाऊक आहे. मारेकडे तसेच पाहा. मारे, लिफू, उव्हेआ ही लॉयल्टी बेटे जवळजवळ संपूर्णपणे राखीव राहिली. तेथे गोऱ्यांच्या गुरांची कुरणे नव्हती, निकेलची खाण नव्हती. कानालाच्या माणसाची जमीन गेली होती, मारेच्या माणसाची पायाखाली होती. एकाच्या हाती कुऱ्हाड आली, दुसऱ्याला धीर धरणे परवडले. आमच्या मते हा भेद शौर्याचा नव्हता, जमिनीचा होता.

मग बरोबर कोण? 5 डिसेंबर 1984 रोजी इएंगेनजवळ दबा धरून बसलेल्या वसाहतवाल्यांनी 10 कनाक मारले. जानेवारी 1985 मध्ये माशोरो पोलिसांच्या गोळीने पडले. त्या रणधुमाळीनंतर पॅरिसने प्रदेशाचे चार विभाग केले, आणि सप्टेंबर 1985 मध्ये तीच आघाडी निवडणुकीस उतरून तीन विभाग जिंकून बसली. म्हणजे नेसलिन यांच्या वाटेने शेवटी सगळेच गेले! पण आम्ही हा जय नेसलिन यांच्या पदरात टाकणार नाही. कुऱ्हाड पडली नसती तर ते विभाग झाले नसते. पीक दुसऱ्यांच्या रक्तावर आले. आणि त्या पिकात या पक्षाला फारसा वाटा मिळाला नाही. तो मुख्यतः मारेपुरताच उरला.

नेसलिन 2015 साली वारले. स्वातंत्र्याच्या बाजूने 2018 च्या सार्वमतात 43 टक्के, तर 2020 च्या सार्वमतात जवळजवळ 47 टक्के मते पडली. डिसेंबर 2021 चे तिसरे सार्वमत कोरोनाच्या दुखवट्यामुळे पुढे ढकला, अशी कनाकांची मागणी होती. ती नाकारली गेली, त्यांनी बहिष्कार घातला, आणि मतदान 44 टक्क्यांवरही गेले नाही. त्यात ‘नको’ म्हणणारे 96 टक्के निघाले, आणि फ्रान्सने तो निकाल ग्राह्य धरला.