सदतीस दिवसांत पेटलेले महायुद्ध

ऑस्ट्रिया-हंगेरीचा युवराज फ्रान्झ फर्डिनांड आणि त्याची पत्नी सोफी यांची २८ जून १९१४ रोजी साराजेव्हो येथे हत्या झाली आणि पहिले महायुद्ध पेटले, असे शालेय पुस्तकांतून शिकविले जाते. या विधानातील 'आणि' या शब्दात पाच आठवडे दडलेले आहेत. हत्येपासून ब्रिटन युद्धात उतरेपर्यंत ३७ दिवस लोटले. त्यांपैकी पहिले साडेतीन आठवडे युरोपातील सामान्य नागरिकाला युद्धाची चाहूलही नव्हती. लंडनचे मंत्रिमंडळ आयर्लंडच्या स्वराज्याच्या प्रश्नाने बेजार झाले होते. माजी पंतप्रधान कायो यांच्या पत्नीने एका संपादकाचा खून केल्याच्या खटल्यात पॅरिस गुंतले होते. जर्मन सम्राट कैसर विल्यम दुसरा हा नॉर्वेच्या किनाऱ्यालगत सागरी सफरीवर होता. त्यामुळे महायुद्धाची कारणे शोधताना पिस्तुलापेक्षा या दिवसांतील तारा, खलिते आणि बंद दाराआडच्या बैठका अधिक तपासाव्या लागतात.

करारांचे जाळे

या दिवसांची पूर्वपीठिका १८७१ पर्यंत मागे जाते. त्या वर्षी फ्रान्सचा पराभव करून जर्मनीने व्हर्सायच्या राजवाड्यात आपल्या साम्राज्याची घोषणा केली आणि अल्सेस-लॉरेनचा प्रदेश घेतला. दुखावलेल्या फ्रान्सला मित्र मिळू द्यायचा नाही, हे चॅन्सेलर बिस्मार्कच्या धोरणाचे सूत्र होते. त्याने १८७९ मध्ये ऑस्ट्रिया-हंगेरीशी करार केला, १८८२ मध्ये त्यात इटलीला ओवले आणि १८८७ मध्ये रशियाशी गुप्त करार केला. बिस्मार्क १८९० मध्ये पायउतार झाला आणि त्याच वर्षी रशियाशी असलेल्या कराराचे नूतनीकरण करण्यास बर्लिनने नकार दिला. एकाकी पडलेला रशिया आणि एकाकी पडलेला फ्रान्स १८९४ पर्यंत एकत्र आले. एका बाजूला झारची निरंकुश सत्ता आणि दुसऱ्या बाजूला प्रजासत्ताक, अशी ही विजोड जोडी होती. पण जर्मनीची भीती दोघांनाही सारखीच होती.

ब्रिटन या गटांपासून अलिप्त होता. जर्मनीने १८९८ आणि १९०० च्या कायद्यांनी मोठे आरमार उभारण्यास प्रारंभ केल्यावर तो अस्वस्थ झाला. १९०४ मध्ये त्याने फ्रान्सशी आणि १९०७ मध्ये रशियाशी समझोता केला. दुसऱ्या समझोत्याचा विषय होता इराण, अफगाणिस्तान आणि तिबेट. म्हणजेच हिंदुस्थानच्या वायव्य व उत्तर सीमेवरील चिंता मिटविण्यासाठी ब्रिटनने रशियाशी जुळवून घेतले आणि त्याचे परिणाम युरोपात झाले.

या करारांनी युद्ध अटळ केले, असे सर्रास म्हटले जाते. ते फारसे पटणारे नाही. १९०४ आणि १९०७ चे समझोते ब्रिटनवर लढण्याचे बंधन घालीत नव्हते. जर्मनी, ऑस्ट्रिया व इटली यांचा करार बचावात्मक होता आणि प्रत्यक्ष प्रसंग आला तेव्हा इटलीने नेमका याच मुद्द्यावर तटस्थ राहणे पसंत केले. पुढे १९१५ मध्ये तर तो देश विरुद्ध बाजूने युद्धात उतरला. करारांनी बाजू आखून दिल्या होत्या. पण कोणत्या दिवशी काय करायचे हे मंत्री आणि राजे यांनीच ठरविले.

माघारीचे धडे

१९१४ पूर्वीच्या दहा वर्षांत युरोप किमान चार वेळा युद्धाच्या उंबरठ्यावरून परतला होता. १९०५ आणि १९११ मध्ये मोरोक्कोवरून जर्मनी व फ्रान्स यांच्यात तणाव निर्माण झाला. १९०८ मध्ये ऑस्ट्रियाने बोस्निया-हर्झेगोव्हिना आपल्या साम्राज्यात विलीन केले, तेव्हा सर्बिया आणि त्याचा पाठीराखा रशिया खवळले. १९१२-१३ च्या बाल्कन युद्धांतही मोठी राष्ट्रे एकमेकांवर शस्त्र उगारण्याच्या बेतात होती. प्रत्येक वेळी कोणीतरी नमते घेतले आणि संकट टळले.

घात येथेच झाला. संकट टळल्याचा आनंद सर्वांना सारखा नव्हता. १९०९ च्या मार्चमध्ये जर्मनीने डोळे वटारल्यावर बोस्नियाच्या प्रश्नावर रशियाला निमूट माघार घ्यावी लागली होती; जपानकडून १९०५ मध्ये झालेल्या पराभवातून त्याचे लष्कर अद्याप सावरले नव्हते. ही मानहानी पुन्हा होऊ द्यायची नाही, असे सेंट पीटर्सबर्गने मनाशी ठरविले. बर्लिन व व्हिएन्नाने यातून नेमका उलटा धडा घेतला. ठामपणे उभे राहिले की रशिया वाकतो, अशी त्यांची खात्री झाली. १९११ च्या मोरोक्को प्रकरणात जर्मनीला अपेक्षेपेक्षा फारच थोडे मिळाले आणि तेथील राष्ट्रवादी वर्तुळात संतापाची लाट उसळली. बाल्कन युद्धांनंतर सर्बियाचा विस्तार जवळजवळ दुप्पट झाला. साम्राज्यातील दक्षिण स्लाव्ह प्रजा त्या देशाकडे आशेने पाहू लागेल, ही व्हिएन्नाची भीती त्यामुळे बळावली. लष्करप्रमुख कॉनराड सर्बियावर चढाई करण्याचा आग्रह वारंवार धरीत होता. त्याला विरोध करणाऱ्यांत अग्रभागी होता तो युवराज फ्रान्झ फर्डिनांड.

कोरा धनादेश

युवराजावर गोळ्या झाडणारा गॅव्हरिलो प्रिन्सिप हा अवघ्या १९ वर्षांचा बोस्नियन सर्ब होता. त्याच दिवशी सकाळी त्याच्या एका साथीदाराने फेकलेला बॉम्ब निष्फळ ठरला होता. परतीच्या वाटेवर मोटार चुकीच्या रस्त्याला वळली आणि ती प्रिन्सिपच्या समोरच थांबली. कटवाल्यांना शस्त्रे सर्बियातून मिळाली होती आणि त्यामागे सर्बियन लष्करी गुप्तचर खात्याचा प्रमुख द्रागुतिन दिमित्रियेविच याचा हात होता. तेव्हा व्हिएन्नाचा संशय निराधार नव्हता. मात्र सर्बियन सरकारने हा कट रचला, असा पुरावा तिच्यापाशी नव्हता.

५ जुलै रोजी ऑस्ट्रियाचा राजदूत पॉट्सडॅमच्या राजवाड्यात कैसरला भेटला. भोजनानंतर कैसरने पाठिंब्याचे वचन दिले. रशियाने हस्तक्षेप केला तरी जर्मनी मित्राच्या पाठीशी राहील, असा त्याचा आशय होता. दुसऱ्या दिवशी चॅन्सेलर बेथमान-हॉल्वेग याने त्यावर शिक्कामोर्तब केले. इतिहासकार या आश्वासनाला 'कोरा धनादेश' म्हणतात. रकमेचा आकडा व्हिएन्नाने भरायचा होता. बर्लिनचा हिशेब असा की, ऑस्ट्रियाने झटपट कारवाई केली तर रशिया चरफडत गप्प बसेल. आणि तो उठलाच तर आज लढणे उद्यापेक्षा बरे, कारण रशियाचा लष्करी विस्ताराचा कार्यक्रम १९१७ पर्यंत पुरा व्हायचा होता.

पण झटपट काहीच झाले नाही. हंगेरीचा पंतप्रधान तिसा १४ जुलैपर्यंत युद्धाला राजी नव्हता. सुगीच्या रजेवर गेलेले सैनिक शेतांत होते. शिवाय फ्रान्सचे अध्यक्ष पोआंकारे २० ते २३ जुलै या काळात रशियाच्या भेटीवर होते. ते तेथे असतानाच खलिता गेला असता, तर दोन्ही मित्रांना समोरासमोर बसून उत्तर ठरविता आले असते. म्हणून ते परतीच्या जहाजावर चढेपर्यंत व्हिएन्ना थांबली. या विलंबाची किंमत मोठी होती. हत्येनंतर लगेच युरोपची सहानुभूती ऑस्ट्रियाकडे होती. साडेतीन आठवड्यांनंतर ती ओसरली.

२३ जुलै रोजी सायंकाळी ६ वाजता बेलग्रेडमधील ऑस्ट्रियन वकील गीझल याने निर्वाणीचा खलिता सादर केला. सर्बियन पंतप्रधान पासिच निवडणूक प्रचारासाठी राजधानीबाहेर होता, त्यामुळे तो अर्थमंत्र्याला स्वीकारावा लागला. उत्तराची मुदत ४८ तास होती. मागण्या अशा रीतीने लिहिल्या होत्या की, कोणत्याही स्वाभिमानी राष्ट्राने त्या नाकाराव्यात. सर्बियाने मात्र मऊ भाषेत बहुतेक मागण्या मान्य केल्या, काहींवर मोघम उत्तर दिले आणि एक स्पष्टपणे फेटाळली. हत्येच्या न्यायालयीन चौकशीत ऑस्ट्रियन अधिकाऱ्यांना सहभागी करून घेणे घटनाबाह्य ठरेल, असे तिचे म्हणणे होते. हे उत्तर हाती पडताच गीझलने संबंध तोडले आणि साडेसहाची गाडी पकडून बेलग्रेड सोडले. त्याचे सामान आधीच बांधून ठेवलेले होते.

शेवटचा आठवडा

येथून पुढे मुत्सद्देगिरीचा वेग लष्करी वेळापत्रकांना गाठू शकला नाही. ब्रिटिश परराष्ट्रमंत्री एडवर्ड ग्रे यांनी २६ जुलै रोजी चार राष्ट्रांच्या परिषदेची कल्पना मांडली; बर्लिनने ती नाकारली. सफरीवरून परतलेल्या कैसरने २८ जुलैच्या सकाळी सर्बियाचे उत्तर वाचले आणि युद्धाचे कारणच उरले नाही, असा शेरा त्यावर लिहिला. ऑस्ट्रियाने फक्त बेलग्रेड ताब्यात घेऊन तेथेच थांबावे, अशी त्याची सूचना होती. बेथमानने ती व्हिएन्नाला उशिरा आणि सौम्य करून कळविली. तोपर्यंत ऑस्ट्रियाने तारेने युद्ध पुकारलेही होते. वास्तविक तिचे सैन्य १२ ऑगस्टपूर्वी चढाई करण्याच्या स्थितीत नव्हते. घाई होती ती मध्यस्थीचे दार बंद करण्याची.

रशियात झार निकोलस दुसरा याने २९ जुलै रोजी संपूर्ण लष्कराच्या जमवाजमवीचा हुकूम दिला आणि कैसरची तार येताच रात्री तो मागे घेतला. हे दोघे नात्याने बंधू लागत आणि 'विली' व 'निकी' या नावांनी एकमेकांना इंग्रजीतून तारा पाठवीत. दुसऱ्या दिवशी परराष्ट्रमंत्री साझोनोव्ह आणि सेनाधिकाऱ्यांनी झारचे मन पुन्हा वळविले. रशियाचे अंतर अफाट आणि रेल्वेमार्ग विरळ. जमवाजमव उशिरा सुरू केली तर जर्मनी पुढे निघून जाईल, असा त्यांचा युक्तिवाद होता. ३१ जुलै रोजी आदेश जाहीर झाला.

जर्मनीची अडचण निराळीच होती. दोन आघाड्यांवर लढण्याची तिची एकमेव सिद्ध योजना, प्रथम बेल्जियममार्गे फ्रान्सचा पाडाव करायचा आणि मग रशियाकडे वळायचे, या क्रमावर उभी होती. श्लीफेन या माजी लष्करप्रमुखाच्या विचारांवर ती बेतलेली होती. त्यामुळे वाद सर्बियाचा, धोका रशियाचा आणि पहिला हल्ला बेल्जियमवर, असा विलक्षण प्रकार घडला. १ ऑगस्ट रोजी रशियाशी युद्ध पुकारल्यानंतर त्याच संध्याकाळी ब्रिटन व फ्रान्स तटस्थ राहतील, अशी चुकीची बातमी बर्लिनला आली. कैसरने सर्व सैन्य पूर्वेकडे वळविण्यास सांगितले. लाखो सैनिकांची हालचाल ऐन वेळी बदलता येत नाही, असे लष्करप्रमुख मोल्टकेने उत्तर दिले. बातमी खोटी ठरल्यामुळे हा वाद संपला. पण सम्राटाच्या हाती किती उरले होते, हे त्यातून दिसते.

ब्रिटिश मंत्रिमंडळ २ ऑगस्टपर्यंत दुभंगलेले होते. फ्रान्ससाठी लढावे की नाही, यावर एकमत होत नव्हते. आपण काय करू हे ग्रे यांनी बर्लिनला वेळेवर आणि निःसंदिग्धपणे कळविले नाही, हा त्यांच्यावरील आक्षेप आजही घेतला जातो. अर्थात ज्या मंत्रिमंडळाचा निर्णयच झालेला नव्हता, त्याच्या वतीने ते काय कळविणार होते, हाही प्रश्न आहेच. जर्मन फौजा ४ ऑगस्ट रोजी बेल्जियममध्ये शिरल्या आणि १८३९ च्या तहाने दिलेली तटस्थतेची हमी मोडली गेली. त्याच रात्री लंडनच्या वेळेनुसार ११ वाजता ब्रिटनने दिलेली मुदत संपली. मॉर्ले आणि बर्न्स या दोन मंत्र्यांनी राजीनामे दिले. ऑस्ट्रियाने रशियाविरुद्ध युद्ध पुकारले ते त्यानंतर, ६ ऑगस्टला.

ब्रिटनच्या घोषणेबरोबर हिंदुस्थानही युद्धात ओढला गेला. येथील जनतेला विचारण्याचा प्रश्नच उद्भवला नाही. मंडालेच्या तुरुंगातून जूनमध्येच सुटून पुण्यास परतलेल्या लोकमान्य टिळकांनी ऑगस्टच्या अखेरीस सरकारला युद्धात साह्य करण्याची भूमिका जाहीर केली. मुंबई आणि कराची बंदरांतून हिंदी फौजा रवाना झाल्या व सप्टेंबरच्या अखेरीस त्या फ्रान्समध्ये मार्सेय बंदरात उतरल्या. पुढील चार वर्षांत दहा लाखांहून अधिक हिंदी सैनिक व कामगार सागरापार गेले. सुमारे ७४ हजार परत आले नाहीत.

जबाबदारी कोणाची, हा वाद युद्धाइतकाच जुना आहे. १९१९ च्या व्हर्साय तहातील २३१ व्या कलमाने ती जर्मनी व तिच्या मित्रांवर टाकली. दोन महायुद्धांच्या दरम्यान 'सारेच युद्धात घसरले' हे मत रूढ झाले. १९६१ मध्ये जर्मन इतिहासकार फ्रिट्झ फिशर यांनी जर्मन दप्तरांतील कागदपत्रांच्या आधारे जर्मनीच्या विस्तारवादी हेतूंवर बोट ठेवले, तेव्हा त्यांच्याच देशात मोठे वादळ उठले. ख्रिस्तोफर क्लार्क यांनी २०१२ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात त्या वेळच्या नेत्यांना झोपेत चालणाऱ्यांची उपमा दिली आणि सर्बिया, रशिया व फ्रान्स यांच्या वाट्याची जबाबदारीही ठळक केली. या उपमेवर टीकाकारांचा आक्षेप आहे. कोरा धनादेश देणारे बर्लिन आणि मध्यस्थीपूर्वी युद्ध पुकारणारी व्हिएन्ना, या दोघांनाही आपण कोणता धोका पत्करीत आहोत याची पूर्ण जाणीव होती, असे ते म्हणतात. आणि जुलैमधील कागदपत्रे पाहता हा आक्षेप सहज झटकता येत नाही.