क्लॅश रॉयलमधला सीज डेक: एक्स-बो आणि मॉर्टारला हरवायचं कसं?

क्लॅश रॉयल खेळणाऱ्या जवळपास प्रत्येकाला हा अनुभव कधी ना कधी येतोच. समोरचा खेळाडू मोठा हल्ला करताना दिसत नाही, ब्रिजजवळ एक बिल्डिंग ठेवून नुसता तिचं रक्षण करत बसतो आणि तरीही आपला टॉवर पडतो. चिडून आपण हातातलं सगळं त्या बिल्डिंगवर टाकतो, इलिक्सर शून्यावर येतं आणि मॅच हातातून जाते. या प्रकाराला 'सीज डेक' म्हणतात. सीज म्हणजे वेढा. बचावाचं शस्त्र पुढे सरकवून त्यानेच हल्ला करायचा, अशी ही पद्धत आहे.

हा डेक आतून कसा काम करतो, त्याचं गणित काय आणि तो कुठे कच्चा पडतो, हे या लेखात बघूया.

सीज डेक म्हणजे नेमकं काय?

फिनलंडच्या सुपरसेल कंपनीने क्लॅश रॉयल २ मार्च २०१६ रोजी जगभर रिलीज केला. या गेममध्ये बिल्डिंग कार्डं मुख्यतः बचावासाठी असतात. कॅनन, टेस्ला वगैरे आपल्या बाजूला मधोमध ठेवायच्या आणि येणारा हल्ला थोपवायचा.

एक्स-बो आणि मॉर्टार या दोन बिल्डिंग मात्र वेगळ्या आहेत, कारण त्यांची रेंज ११.५ टाइल आहे. आपल्या प्रिन्सेस टॉवरची रेंज ७.५ टाइल असते. समोरच्याने एक्स-बो त्याच्याच बाजूला, पण नदीला लागून ठेवला, तर तो आपल्या टॉवरवर आरामात गोळीबार करतो आणि आपला टॉवर मात्र त्याच्यापर्यंत पोचत नाही. सगळा खेळ या चार टाइलच्या फरकाचा आहे.

एक्स-बो टार्गेट कसं निवडतो?

उपाय समजायचे असतील तर हा भाग नीट वाचा. प्रोग्रामिंग शिकणाऱ्यांना हे लगेच लक्षात येईल, कारण हे साधं इफ-एल्स लॉजिक आहे:

- एक्स-बो ठेवल्यावर तो लगेच सुरू होत नाही. तयार व्हायला सुमारे साडेतीन सेकंद लागतात.
- तयार झाला की रेंजमधलं सगळ्यात जवळचं जमिनीवरचं टार्गेट पकडतो.
- एकदा टार्गेट पकडलं की ते मरेपर्यंत किंवा रेंजबाहेर जाईपर्यंत सोडत नाही. यालाच 'लॉक' म्हणतात.
- स्टन बसला तर लॉक तुटतो आणि तो पुन्हा जवळचं टार्गेट शोधतो.
- हवेत उडणारं काहीही त्याला दिसत नाही.

म्हणजे पहिले साडेतीन सेकंद सोन्याचे आहेत. तेवढ्या वेळात एक्स-बोसमोर जमिनीवरचा एखादा टिकाऊ ट्रूप ठेवलात, तर लॉक त्याच्यावर बसतो आणि टॉवर वाचतो. उशीर झाला आणि लॉक टॉवरवर बसला, की मग समोर नाइट ठेवा नाहीतर जायंट, एक्स-बो त्यांच्याकडे ढुंकूनही बघत नाही.

खरं गणित इलिक्सरचं

एक्स-बोचा एक प्रसिद्ध डेक बघूया: एक्स-बो (६), टेस्ला (४), फायरबॉल (४), आर्चर्स (३), आइस गोलेम (२), लॉग (२), स्केलेटन्स (१) आणि आइस स्पिरिट (१). बेरीज २३, म्हणजे सरासरी २.९ इलिक्सर. आइस गोलेमच्या जागी नाइट घेतला तर बेरीज २४ आणि सरासरी बरोबर ३.

डेकमध्ये ८ कार्डं, हातात ४. एक कार्ड खेळलं की ते पुन्हा हातात यायला दुसरी ४ कार्डं खेळावी लागतात. आता हा खेळाडू एक्स-बोनंतर सगळ्यात स्वस्त चार कार्डं खेळला, तर त्याचे १ + १ + २ + २ = ६ इलिक्सर जातात. पुढच्या एक्स-बोचे ६ धरले की झाले १२.

साध्या वेळात १ इलिक्सर तयार व्हायला २.८ सेकंद लागतात. म्हणजे १२ इलिक्सरला साधारण ३४ सेकंद. डबल इलिक्सरमध्ये १७ सेकंद. एक्स-बो मैदानावर साधारण अर्धा मिनिट टिकतो. म्हणजेच शेवटच्या मिनिटात त्याला मोकळं सोडलं, तर पहिला एक्स-बो संपायच्या आत दुसरा उभा राहू शकतो!

आता उलटं बघा. तुमच्या दबावामुळे त्याला स्वस्त कार्डांऐवजी टेस्ला, फायरबॉल, आर्चर्स आणि लॉग खेळावे लागले, तर ४ + ४ + ३ + २ = १३ इलिक्सर जातात. त्यात एक्स-बोचे ६ मिळवले की १९. साध्या वेळात याला ५३ सेकंद लागतात. डेक तोच, कार्डं तीच, पण दोन एक्स-बोंमधलं अंतर जवळपास २० सेकंदांनी वाढलं.

या डेकला हरवण्याची किल्ली इथेच आहे. एकेक एक्स-बो फोडत बसण्यापेक्षा त्याची सायकल महाग करा.

त्याला तुमच्याकडून काय हवं असतं?

घाई. सीज खेळाडू एक्स-बो ठेवतो तेव्हा त्याला तुमचा घाबरून केलेला हल्ला हवाच असतो. तुम्ही ८-९ इलिक्सरचा लोंढा सरळ त्याच्या टेस्लाच्या तोंडी देता. तो स्केलेटन्स, लॉग, फायरबॉल टाकून कमी खर्चात तो लोंढा संपवतो. आता तुमच्याकडे काही उरलेलं नसतं आणि त्याच्याकडे पुढचा एक्स-बो तयार असतो.

पण नुसतं बसून राहणंही त्याच्याच फायद्याचं. तुम्ही शांत बसलात की तो १-१ इलिक्सरची कार्डं खेळून सायकल फिरवत राहतो. म्हणून उत्तर या दोन्हींच्या मधे आहे: कमी खर्चात अडवा आणि दुसरीकडून त्याला सतत खर्चात पाडा.

हरवण्याचे ५ मार्ग

१. आधी अडवा, मग मारा. एक्स-बो पडताना दिसला की साडेतीन सेकंदांच्या आत त्याच्या बरोबर समोर ब्रिजजवळ एक टिकाऊ ट्रूप टाका. ३ इलिक्सरचा नाइटही चालतो. त्याचे ६ गेले, तुमचे ३. हॉग रायडर किंवा जायंट असेल तर आणखी बरं. हे बिल्डिंगच शोधत जातात, त्यामुळे लॉकही स्वतःवर घेतात आणि एक्स-बोलाही ठोकतात.

२. उशीर झाला तर स्टन. लॉक टॉवरवर बसलाच असेल तर झॅप, इलेक्ट्रो स्पिरिट, इलेक्ट्रो विझार्ड किंवा लाइटनिंग वापरा. फक्त क्रम लक्षात ठेवा: आधी ट्रूप समोर पाहिजे, मग स्टन. समोर कोणीच नसताना झॅप टाकला तर एक्स-बो पुन्हा टॉवरच पकडणार आणि तुमचे २ इलिक्सर फुकट जाणार.

३. बिल्डिंगवर चालणारे स्पेल ठेवा. अर्थक्वेक ३ इलिक्सरचा आहे आणि बिल्डिंगला जास्त डॅमेज करतो. एक्स-बो आणि टेस्ला जवळजवळ ठेवले असतील तर एकाच अर्थक्वेकमध्ये दोन्ही सापडतात. लाइटनिंग ६ चा आहे, पण तो परिसरातल्या सर्वाधिक हिटपॉइंट असलेल्या तीन टार्गेटवर पडतो आणि वर स्टनही करतो.

४. हवेतून या, पण जमीन सोडू नका. बेबी ड्रॅगन, मेगा मिनियन, बलून यांना एक्स-बो मारूच शकत नाही. मात्र इथे अनेकजण एक गोष्ट विसरतात. जे एक्स-बोला दिसत नाही, ते त्याचा लॉकही घेऊ शकत नाही. नुसता बेबी ड्रॅगन पाठवलात तर तो एक्स-बोला मारेल, पण तोवर टॉवर मार खातच राहील. म्हणून हवेतल्या ट्रूपसोबत जमिनीवर एक स्वस्त कार्ड हवंच.

५. दुसऱ्या लेनमधून दबाव, योग्य वेळी. 'एक्स-बो डावीकडे पडला की उजवीकडून हल्ला करा' हा सल्ला अर्धाच खरा आहे. एक्स-बो आधीच तुमच्या टॉवरवर लॉक झाला असेल, तर तुम्ही फक्त टॉवरच्या बदल्यात टॉवर असा सौदा करताय आणि बचावात तो तुमच्यापेक्षा तरबेज आहे. योग्य वेळ एक्स-बो पडायच्या *आधीची* असते. त्याने एक्स-बोनंतर चार कार्डं खेळली की पुढचा एक्स-बो हातात आला हे समजा. त्याच वेळी लहान हल्ला सुरू करा. आता त्याला एक्स-बो पुढे ठेवायचा की मधोमध बचावासाठी वापरायचा, हे ठरवावं लागतं. मधोमध ठेवला तर तुमच्या टॉवरला धोका नाही आणि त्याचे ६ इलिक्सर बचावात गेले.

मॉर्टार असेल तर?

मॉर्टार ४ इलिक्सरचा, म्हणजे स्वस्त. त्याचा नेम हळू, पण मारा एका जागी न राहता आजूबाजूला पसरतो. त्यामुळे स्केलेटन आर्मीसारखे घोळके त्याच्यासमोर टाकू नका. त्याचा कच्चा दुवा म्हणजे अगदी जवळ आलेल्या ट्रूपवर तो मारा करू शकत नाही. नाइट किंवा मिनी पेक्का एकदा त्याला चिकटला की मॉर्टारचं काम संपलं. म्हणून मॉर्टारविरुद्ध चपळ ट्रूप वापरा. २०२३ मध्ये इव्होल्यूशन कार्डं आल्यानंतर इव्हो मॉर्टार प्रत्येक गोळ्यासोबत एक गॉब्लिनही फेकतो, तेव्हा टॉवरजवळच्या त्या गॉब्लिनसाठी एखादं स्वस्त कार्ड राखून ठेवा.

सुरुवातीचे काही सेकंद महागात का पडतात?

ओव्हरटाइम संपूनही बरोबरी राहिली तर टायब्रेकर होतो आणि ज्याच्या टॉवरचे हिटपॉइंट सगळ्यात कमी, तो हरतो. सीज खेळाडूला हे पक्कं माहीत असतं. पहिल्या मिनिटात एक्स-बोने टॉवरवर पाच-सात सेकंद गोळीबार केला की तो आघाडी घेतो. पुढे तो एक्स-बो पुढे ठेवायचं सोडूनही देतो, नुसता बचाव करतो आणि फायरबॉल किंवा रॉकेटने तुमचा टॉवर कुरतडत राहतो. त्यामुळे 'थोडंसंच डॅमेज झालं, चालतंय' असं म्हणू नका. पहिला एक्स-बो शेवटच्या एक्स-बोइतकाच महत्त्वाचा.

डेक बदलू का? पैसे घालू का?

सलग चार-पाच मॅच हरलो की हात आपोआप शॉपकडे जातो. लेव्हल वाढवली की जिंकू, असं वाटतं. लेव्हलचा फरक पडतो हे खरं. पण एक्स-बोला उशिरा अडवण्याची सवय असेल तर लेव्हल वाढूनही तेच होणार. घरच्यांच्या यूपीआयवरून जेम्स घेण्याआधी या तीन फुकटच्या गोष्टी करा:

- बॅटल लॉगमध्ये जाऊन हरलेल्या मॅचचा रिप्ले बघा. एक्स-बो पडल्यापासून तुमचं पहिलं कार्ड किती सेकंदांनी पडलं, ते मोजा.
- क्लॅनमधल्या मित्राला एक्स-बो डेक घ्यायला सांगून फ्रेंडली बॅटल खेळा. ट्रॉफी जात नाहीत.
- स्वतः दहा मॅच एक्स-बो खेळून बघा. कोणत्या कार्डाची धास्ती वाटते, हे तिकडच्या खुर्चीत बसल्यावरच कळतं.

संपूर्ण डेक बदलायची गरज सहसा नसते. तुमच्या डेकमध्ये जमिनीवरचा एक टिकाऊ ट्रूप, एक स्टन आणि बिल्डिंगला लागणारं एक कार्ड आहे का, एवढं तपासा.

इतर गेममध्येही हेच तत्त्व

बचावाची बिल्डिंग पुढे नेऊन हल्ला करणं ही युक्ती मोबाइल गेमच्या आधीपासूनची आहे. 'एज ऑफ एम्पायर्स २' मध्ये खेळाडू शत्रूच्या गावाशेजारी टॉवर बांधतात. तिथे उभ्या टॉवरशी डोकं आपटण्यापेक्षा बांधणाऱ्या गावकऱ्यांना मारणं स्वस्त पडतं. 'स्टारक्राफ्ट'मध्ये प्रोटॉस खेळाडू शत्रूच्या तळात कॅनन उभारतात. त्या कॅननला वीज देणारा पायलॉन पाडला की कॅनन बंद पडतात. तिन्ही गेममध्ये धडा एकच: तयार होण्याआधी अडवा आणि भिंतीऐवजी तिला जगवणारी गोष्ट तोडा. क्लॅश रॉयलमध्ये ती गोष्ट म्हणजे इलिक्सर.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

एक्स-बोवर रॉकेट टाकावं का? दोन्ही ६ चे आहेत, त्यामुळे फायदा कोणालाच नाही. पण रॉकेटमध्ये एक्स-बोसोबत टेस्ला किंवा आर्चर्सही सापडत असतील, तर जरूर टाका.

गोलेमसारखा जड डेक असेल तर? सुरुवातीला गोलेम मागे ठेवून ८ इलिक्सर अडकवू नका. हातात अडवायला काही राहत नाही. पहिली दोन मिनिटं टॉवर सांभाळा, मोठा हल्ला डबल इलिक्सरमध्ये करा.

हे आकडे कायम असेच राहतील का? सुपरसेल वेळोवेळी बॅलन्स अपडेट देते, त्यामुळे अपडेटनंतर कार्डाच्या माहितीत जाऊन आकडे बघून घ्या. लॉक, सायकल आणि इलिक्सरचं तत्त्व मात्र तेच राहतं.

थोडक्यात: एक्स-बो दिसला की घाबरू नका, साडेतीन सेकंदांत समोर ट्रूप ठेवा. त्याची चार कार्डं मोजा, पाचव्याच्या आधी दुसऱ्या लेनमधून त्याला खर्चात पाडा. बचाव करणाऱ्याला खरी अडचण तेव्हाच होते, जेव्हा त्याला एकाच वेळी दोन ठिकाणी बचाव करावा लागतो.