लगाम कोणाच्या हाती? : अमेरिकेतले काळे जॉकी आणि आपले बाळू पालवणकर

जोतीराव फुल्यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ प्रसिद्ध केली आणि ती अमेरिकेतल्या काळ्यांना दास्यातून सोडवणाऱ्या लोकांना अर्पण केली. ही अर्पणपत्रिका आपण भाषणांतून इतक्या वेळा सांगतो की तिच्या पुढचा प्रश्न विचारायचा राहूनच जातो. दास्यातून सुटलेला तो काळा माणूस पुढे गेला कुठे? त्याला जमीन मिळाली नाही, तो पुन्हा जुन्या मालकाच्याच शेतात राबू लागला, हे आपण वाचलेले असते. पण एक जागा अशी होती की जिथे तो काही वर्षे सर्वांच्या पुढे होता. ती जागा म्हणजे घोड्यांच्या शर्यतीचे मैदान. प्रतिष्ठित इतिहासकार खेळाला करमणुकीच्या कप्प्यात टाकतात, त्यामुळे ही हकीकत आपल्यापर्यंत फारशी पोहोचत नाही. मला ती आपल्या पुण्या-मुंबईतल्या एका हकिकतीशेजारी ठेवून पाहायची आहे.

‘गुलामगिरी’नंतर दोनच वर्षांनी, १७ मे १८७५ रोजी, केंटकी राज्यातल्या लुईव्हिल गावी पहिली केंटकी डर्बी झाली. पंधरा घोडे धावले. त्यांपैकी तेरा घोड्यांवर काळे जॉकी होते. जिंकलेल्या ॲरिस्टाइडीस घोड्यावर ऑलिव्हर लुईस हा काळा जॉकी होता आणि त्या घोड्याला तयार करणारा ॲन्सेल विल्यमसन हा जन्माने गुलाम होता. १८७५ ते १९०२ या अठ्ठावीस डर्बींपैकी पंधरा काळ्या जॉकींनी जिंकल्या.

हे कसे झाले? याचे उत्तर गुलामीतच आहे. दक्षिणेतल्या जमीनदारांना घोड्यांच्या शर्यतीचे वेड होते. १८२३ साली न्यूयॉर्कजवळ लाँग आयलंडवर उत्तरेचा एक घोडा आणि दक्षिणेचा एक घोडा यांची शर्यत लागली, तेव्हा प्रत्येक बाजूने वीस हजार डॉलर लावले होते. पैसा मालकाचा, नाव मालकाचे. पण तबेल्यात रात्र काढायची, लीद काढायची, खरारा करायचा, शिंगराला माणसाळवायचे, ही सगळी कामे गुलामाची. वळणावर घोड्याला किती ओढायचे आणि केव्हा सोडायचे हे ज्ञान चाकरीतून त्याच्या हातात उतरले. १८६५ साली गुलामी कायद्याने संपली तेव्हा घोडा खऱ्या अर्थाने कळणारा माणूस तोच होता.

आपल्याकडे हे वाचताना एखाद्याला वाटेल, घोड्याचा आणि आपला काय संबंध? महाराच्या वतनी कामांची यादी काढून बघावी. दौऱ्यावर आलेल्या अंमलदाराच्या घोड्याला गवत-पाणी करणे, घोडा सांभाळणे हे काम त्यात आहे. आमच्या धाराशिव जिल्ह्यात परांड्याचा किल्ला आहे, नळदुर्गचा आहे. वर्गातली मुले सहलीला जातात, बुरूज पाहतात, पागा कुठे होती असे विचारतात. त्या पागेतली लीद कोण काढीत होते, हे कोणी विचारीत नाही. माझा आजा सांगायचा की त्याचा बाप गढीवरच्या घोडीला गवत टाकीत असे. घोडी त्याच्या हातचे खाई, त्याच्या हाकेला मान वळवी. मात्र आमच्या वस्तीतला नवरदेव घोड्यावर बसून वेशीतून जाऊ शकत नव्हता. घोड्याला हात लावलेला चालत होता, वर बसलेले चालत नव्हते. निजामाचे राज्य १९४८ साली गेले; वरातीच्या घोड्याचे भांडण त्यानंतरही बरीच वर्षे शिल्लक राहिले.

अमेरिकेतला काळा माणूस मात्र वर बसला होता. त्यांच्यातला सर्वांत थोर म्हणजे आयझॅक मर्फी. जन्म १८६१ चा, केंटकीतला. बाप गुलामीविरुद्धच्या युद्धात उत्तरेच्या सैन्यात भरती झाला आणि त्यातच मेला. मर्फीने १८८४, १८९० आणि १८९१ अशा तीन डर्बी जिंकल्या. घोड्याला चाबकाने फोडून न काढता शेवटच्या क्षणापर्यंत जपून धरायचा ही त्याची पद्धत. त्या देशातल्या सर्वाधिक मिळकत असणाऱ्या खेळाडूंत त्याची गणना होत होती.

आणि नेमके येथेच गणित फिरले. लीद काढण्याच्या कामासाठी गोऱ्या पोराने काळ्याशी कधी स्पर्धा केली नव्हती. पण जॉकीच्या कामात पैसा आला, वर्तमानपत्रात नाव येऊ लागले, तेव्हा ते काम गोऱ्याला हवेसे झाले. भर शर्यतीत दोघातिघांनी मिळून काळ्या जॉकीचा घोडा कठड्याकडे दाबायचा, त्याच्या पायावर चाबूक ओढायचा, असे प्रकार सुरू झाले. मालकांना अपघात नको होते, त्यामुळे त्यांनी काळ्यांना घोडे देणेच थांबवले. १८९६ च्या फेब्रुवारीत मर्फी वारला. त्याच वर्षी मे महिन्यात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ‘वेगळे पण समान’ या तत्त्वाला मान्यता देऊन आगगाडीच्या डब्यांतला भेद कायदेशीर ठरवला. जिमी विंकफील्डने १९०१ आणि १९०२ ची डर्बी जिंकली आणि काही काळातच तो रशियात घोडे पळवायला निघून गेला. त्याच्यानंतर आजवर एकाही काळ्या अमेरिकन जॉकीने ती शर्यत जिंकलेली नाही. १९२१ नंतर थेट २००० सालापर्यंत एकही त्यात उतरलासुद्धा नाही.

आता पुण्याकडे येऊ. मर्फी आपली शेवटची डर्बी जिंकत होता त्याच सुमारास पुण्याच्या छावणीत एक चांभाराचा पोरगा खेळपट्टीवर रोलर फिरवीत होता. त्याचे नाव बाळू. घराणे कोकणातल्या पालवणचे. बाप लष्करात चाकरीला, त्यामुळे साहेबांनी टाकून दिलेल्या चेंडू-फळीवर भावाभावांनी खेळ शिकलेला. आधी पारशांच्या क्लबात मैदान झाडायला दरमहा तीन रुपये, मग गोऱ्यांच्या क्लबात चार रुपये. तिथे साहेबांना सरावासाठी चेंडू टाकायला माणूस लागे, आणि बाळू डावखुरा, फिरकी टाकणारा. ग्रेग नावाचा कसलेला फलंदाज त्याच्यासमोर तासन्‌तास खेळे आणि बाद केल्यास आठ आणे देई, असे सांगतात. गंमत अशी की इतकी वर्षे गोलंदाजी करूनही त्या साहेबांनी बाळूच्या हाती सरावाला म्हणून एकदाही फळी दिली नाही. गोलंदाजी ही मेहनत होती आणि फलंदाजी हा थाट होता. थाट मालकाचा. केंटकीच्या तबेल्यात जे घडले तेच पुण्याच्या मैदानावर घडले. चाकरी हीच शाळा ठरली.

परंतु येथून पुढे दोन वाटा फुटतात. अमेरिकेत काळ्याला बाहेर काढले गेले. येथे बाळूंना आत घेतले गेले. का? येथे गोऱ्या साहेबाच्या रूपाने एक तिसरा पक्ष मैदानात उभा होता. पुण्याच्या हिंदूंना साहेबांना हरवायचे होते आणि साहेबांना बाद करणारा माणूस त्यांनी रोज डोळ्यांनी पाहिला होता. त्याला घ्यावे की नाही यावर दोन तट पडले, काहींनी नाके मुरडली, पण शेवटी जिंकण्याची गरज शिवाशिवीवर मात करून गेली. तीही फक्त मैदानाच्या दोरीपर्यंत. चहाची सुट्टी झाली की इतरांना पेला-बशी आणि बाळूंना मंडपाबाहेर मातीच्या भांड्यातून चहा. जेवण वेगळ्या ताटात. तोंड धुवायचे तर पाणी घालायला अस्पृश्य गडी. चेंडू चामड्याचा होता, तो बाळूंच्या हातून सुटून कोणा ब्राह्मणाच्या ओंजळीत विसावत होता, तेव्हा काही बाटत नव्हते! ज्याच्याबरोबर खेळता त्याच्याबरोबर जेवलेही पाहिजे, असे न्यायमूर्ती रानड्यांनी सुनावल्याचे सांगितले जाते. सुनवावे लागले हे महत्त्वाचे.

पुढे बाळू मुंबईला आले, रेल्वेत नोकरीला लागले, हिंदू जिमखान्याकडून खेळू लागले. फेब्रुवारी १९०६ मध्ये हिंदूंनी युरोपियनांचा १०९ धावांनी पराभव केला. त्यात बाळूंचे आठ बळी होते, आणि भाऊ शिवराम त्याच संघात होता. १९११ साली पतियाळाच्या महाराजांच्या नेतृत्वाखाली भारताचा संघ इंग्लंडला गेला. संघाने मार खाल्ला, पण बाळूंनी त्या दौऱ्यात ११४ बळी घेतले. तेव्हा त्यांनी पस्तिशी गाठलेली होती. म्हणजे ऐन उमेदीची वर्षे मातीच्या भांड्यातून चहा पिण्यात गेलेली.

मग त्यांना कर्णधार का केले नाही? १९१३ साली कर्णधारपद पै यांना मिळाले. ते स्वतः म्हणाले की ज्येष्ठ म्हणून हा मान बाळूंचा होता. पै प्रामाणिक होते, पण निवड करणारे बदलले नाहीत. १९२० साली तर बाळूंना संघातूनच वगळले, तेव्हा विठ्ठल आणि शिवराम या भावांनी जाहीर निवेदन काढून खेळायला नकार दिला. माझ्या मते आपल्या क्रीडा-इतिहासातला हा सर्वांत मोठा क्षण आहे, ११४ बळींपेक्षाही. खेळणारा हात मिळतो, पण मान द्यायचा नाही असे ठरले असेल तर हातही मिळणार नाही, असे त्यांनी सांगितले. अंतिम सामन्याच्या वेळी तडजोड झाली आणि बाळूंना उपकर्णधार केले. ‘उप’ हा आपल्या वाट्याचा जुना उपसर्ग. पूर्ण कर्णधारपद घरात आले ते १९२३ मध्ये, विठ्ठलच्या रूपाने, आणि त्या वर्षी हिंदू जिंकले. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये मुंबई विधिमंडळात बोले यांचा ठराव होऊन सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले झाले, कागदावर. चवदार तळ्यावर जायला आणखी चार वर्षे लागली.

बाळूंच्या पुढच्या आयुष्याविषयी आपल्या लोकांत अढी आहे. ती का आहे हे मला कळते. १९३२ च्या पुणे करारावर त्यांची सही आहे. १९३७ साली काँग्रेसने त्यांना मुंबईत बाबासाहेबांविरुद्ध उभे केले आणि ते सुमारे दोन हजार मतांनी हरले. ज्या व्यवस्थेने त्यांना संघाचे कर्णधार होऊ दिले नाही, तिनेच त्यांना बाबासाहेबांच्या विरोधात पुढे केले. साहेबाला हरवायचे तेव्हा बाळू, आणि आंबेडकरांना हरवायचे तेव्हाही बाळू! पण म्हणून त्या माणसाला आपल्या इतिहासातून खोडून टाकणे मला मान्य नाही. मंडपाबाहेर उभा राहून त्याने जे सोसले ते काँग्रेसच्या खात्यावर जमा होत नाही.

आमच्या महाविद्यालयात एक विद्यार्थी मला म्हणाला, “सर, खेळात जात नसते, तिथे फक्त धावा बघतात.” चांगला खेळाडू आहे तो. मी त्याला एवढेच विचारले की धावा मोजणारा कोण, आणि संघ निवडणारा कोण. बाळू ४ जुलै १९५५ रोजी मुंबईत वारले. त्याच वर्षी अमेरिकेत शर्यतीच्या संग्रहालयाने मानकऱ्यांच्या पहिल्या यादीत आयझॅक मर्फीचे नाव घातले, आणि तोपर्यंत त्याची कबर कुठे आहे याचाही लोकांना विसर पडला होता. ती १९६० नंतरच्या दशकात हुडकावी लागली. १९६१ साली जिमी विंकफील्ड म्हातारपणी लुईव्हिलच्या एका हॉटेलात डर्बीच्या मेजवानीला गेला, रीतसर निमंत्रण घेऊन. तरी त्याला दारात अडवले गेले.

बाळूंची हकीकत निदान लिहिली तरी गेली. विठ्ठलने आत्मचरित्र लिहिले, पुढे इतिहासकारांनी कागदपत्रे धुंडाळली. पण पुणे, खडकी, सोलापूर, औरंगाबाद इथल्या छावण्यांत आणि क्लबांत मोतद्दार, माळी, चेंडू आणून देणारी पोरे, रोलर ओढणारे गडी शेकड्यांनी होते. त्यांत आपले लोक किती होते, त्यांना पगार काय होता, त्यांतल्या कोणाच्या हाती कधी फळी किंवा लगाम आला का, हे त्यांच्या घरांतूनच कळेल. ज्या वाचकांच्या घरात आजा-पणजा अशा कामावर होता, त्यांनी ऐकलेले जसेच्या तसे लिहून काढावे. त्यात गावाचे नाव, कामाचे नाव, मिळणारे पैसे आणि पाणी कुठून प्यायचे, एवढे तरी जरूर असावे.