शिळा भात आणि जपानी तवा

करडईचं फूल आधी पिवळं असतं. सुकत जाताना केशरी, मग लाल होतं. जपानी भाषेत करडईला 'बेनिबाना' म्हणतात. तीच चिन्हं 'बेनिहाना' अशीही वाचता येतात, आणि मग अर्थ नुसता 'लाल फूल' एवढाच उरतो. दुसऱ्या महायुद्धानंतर युनोसुके आओकी यांनी टोकियोत एक कॉफीचं दुकान काढलं, त्याला हे नाव दिलं. बॉम्बफेकीने उद्ध्वस्त झालेल्या शहरातून जाताना त्यांना ढिगाऱ्यात करडईचं एकच लाल फूल दिसलं होतं, अशी हकिकत या घराण्याच्या उपाहारगृहांची म्हणून सांगितली जाते. सोलापूर-नगरकडच्या घरांत ज्या करडईचं तेल पिढ्यान्पिढ्या फोडणीला पडलं, तिचं नाव पुढे अमेरिकेतल्या सगळ्यांत प्रसिद्ध जपानी स्टेकहाऊसच्या पाटीवर लागलं.

या स्टेकहाऊसमधला चिकन फ्राइड राइस हा माझ्या शोधाचा विषय होईल, असं मला वाटलं नव्हतं. मी पदवीने इतिहासाची नाही. हडपसरचे जुने पाट, मळे आणि बाजार यांच्या नोंदी गेली पंधरा-वीस वर्षं हौसेने जमवते आहे. पण न्यू जर्सीहून सुट्टीला आलेली भाची म्हणाली, "मावशी, तिथल्यासारखा जपानी भात घरी कर ना," आणि मी आधी तो भात जपानी आहे का ते पाहू लागले. मला असं दिसलं, की या पदार्थाचा इतिहास हा शिळ्या भाताचा इतिहास आहे, आणि शिळ्या भाताचा इतिहास म्हणजे तो कोणी खाल्ला याचा इतिहास.

आधी जपानकडचं सांगते. शिजलेला भात परतण्याची रीत जपानने चीनकडून घेतली. जपानी 'चाहान' हा शब्द चिनी 'चाओफान'वरूनच आला आहे. १८५९ साली योकोहामा आणि १८६८ साली कोबे ही बंदरं परदेशी व्यापाराला खुली झाली, तिथे चिनी वस्त्या उभ्या राहिल्या आणि त्यांच्या खानावळींतून हा भात जपानी शहरांत पसरला. 'याकिमेशी' हा त्याला दुसरा शब्द, अर्थ भाजलेला भात. घरात मात्र तो उरलेल्या भाताचा उपाय होता. उरलेल्या भातावर गरम चहा ओतून खाणं हा दुसरा.

मोठ्या सपाट लोखंडी पत्र्यावर पाहुण्यासमोरच पदार्थ भाजायचा, ही पद्धत त्या मानाने कालपरवाची. शिगेजी फुजिओका यांच्या कोबेतल्या 'मिसोनो' उपाहारगृहाने ती १९४५ साली सुरू केली, असं मानतात. 'तेप्पान' म्हणजे लोखंडी पत्रा, 'याकी' म्हणजे भाजणं. तिचं कौतुक जपानी गिऱ्हाइकांपेक्षा अमेरिकी सैनिकांना आणि प्रवाशांना अधिक वाटलं. युनोसुकेंचा मुलगा हिरोआकी, म्हणजे रॉकी आओकी, हा कुस्तीगीर. न्यूयॉर्कच्या हार्लेम भागात आइस्क्रीमची गाडी चालवून त्याने पैसे साठवले आणि १९६४ साली मॅनहॅटनमध्ये चार टेबलांचं 'बेनिहाना' उघडलं. अमेरिकी माणसाला ओळखीचं मांस, कोंबडी आणि कोळंबी एवढंच ठेवायचं. अनोळखी काही द्यायचं नाही. नवलाई सगळी आचाऱ्याच्या हातात. कांद्याच्या चकत्या रचून त्यातून ज्वालामुखी पेटवायचा, सुऱ्या खणखणवायच्या, अंडं उलथन्यावर झेलायचं. आचारीच गिऱ्हाइकासमोर उभा म्हटल्यावर मागचं स्वयंपाकघर लहान झालं, जागा वाचली. १९७२ साली हार्वर्डच्या व्यवस्थापनशाळेने यावर अभ्यासप्रकरण लिहिलं आणि ते पुढे अनेक वर्षं शिकवलं गेलं. भाताच्या इतिहासात व्यवस्थापनशास्त्र असं घुसतं.

अमेरिकेत या जेवणाला सर्रास 'हिबाची' म्हणतात. जपानात हिबाची म्हणजे हात शेकायची कोळशाची शेगडी. नावं कशी चुकीच्या घरी नांदायला जातात, याचा मला जुन्या सात-बारांमध्ये पुष्कळ अनुभव आहे.

आता हडपसर. इथे शिळा भात फारसा नव्हताच, कारण भातच फारसा नव्हता. मावळ-मुळशी हा भाताचा मुलूख. पुण्याच्या पूर्वेला हवेलीपासून पुढे बाजरी आणि ज्वारी. १८८०च्या आसपास खडकवासल्याचं पाणी मुठा कालव्यातून वाहू लागलं तेव्हा हडपसरला ऊस आणि भाजीपाल्याचे मळे झाले, पण ताटात भाकरीच राहिली. भात सणाला, पाहुण्याला, नाहीतर शेवटी मुदीएवढा. म्हणून आमच्याकडे उरत असे ती भाकरी. सकाळी ती कुस्करून कांदा-मिरचीची फोडणी दिली की कुटके. फोडणीचा भात हा त्याचा शहरी, पांढरपेशा भाऊ.

भात रोजचा झाला तो पुढे, रेशनच्या दुकानांतून आणि १९६६ साली आलेल्या 'आयआर ८'सारख्या बुटक्या, भरघोस वाणांमुळे. मधल्या काळात दाणापाणी बाहेरून येत होतं. पीएल-४८०चा अमेरिकी गहू, १९७२च्या दुष्काळातला लाल मिलो, कामावर मिळणारी सुकडी हे आमच्या आधीच्या पिढीने खाल्लं आहे. गंमत अशी, की युद्धानंतरच्या भुकेल्या जपानलाही अमेरिकेने गहूच पाठवला आणि तिथल्या शाळांतली मुलं दुपारी पाव खाऊ लागली. रॉकी आओकी अमेरिकी माणसाला भात भाजून खिलवत होता, त्याच्या थोडंच आधीची ही गोष्ट.

उरलेलं अन्न कोणाच्या वाट्याला येई, हे मात्र कुठल्या पाकपुस्तकात सापडत नाही. लक्ष्मीबाई धुरंधरांचं 'गृहिणी-मित्र' १९१०चं, कमलाबाई ओगल्यांची 'रुचिरा' १९७०ची. आपल्या छापील पाककृती ताज्या जिनसांपासून सुरू होतात. घरात शिळं खाई ती बाई. माझी आई सगळ्यांना गरम वाढून झाल्यावर काल रात्रीचं ताटलीत घेई आणि त्याला 'मला हेच आवडतं' म्हणे. घराबाहेर शिळं गेलं ते येसकराच्या पाळीवर गावभर भाकरी मागत फिरणाऱ्या महाराच्या टोपलीत, आणि तिथे आवडीनिवडीचा प्रश्नही नव्हता. तो हक्क म्हणून सांगितला जाई आणि अपमान म्हणून दिला जाई. बाबासाहेबांनी या वतनी कामांविरुद्ध आवाज उठवला त्यात या शिळ्या तुकड्यांचाही हिशोब होता. शाहू पाटोळे यांचं 'अन्न हे अपूर्णब्रह्म' २०१५ साली आलं तेव्हा मराठीत अन्नाच्या या बाजूला पुस्तकाची जागा मिळाली. फोडणीच्या भातावर स्मरणरंजन करणारे लेख दिवाळीत दर वर्षी येतात. मला ते वाचताना टोपली आठवते.

शिळा भात मानाने हडपसरला आला तो चायनीजच्या गाडीवरून. कलकत्त्याच्या चिनी वस्तीतून आणि मुंबईच्या 'नानकिंग', 'कामलिंग'सारख्या उपाहारगृहांतून ही रुची पसरली. १९७५ साली मुंबईच्या क्रिकेट क्लब ऑफ इंडियात नेल्सन वांग यांनी चिकन मंचुरियन केलं. पुढे ती लाल गाडी गाडीतळावर येऊन उभी राहिली, जिथे सोलापूर रस्ता आणि सासवड रस्ता फुटतात आणि आषाढीला जाणाऱ्या दोन्ही पालख्या वेगळ्या होतात. गाडीवाला भात दुपारीच शिजवून परातीत पसरून ठेवतो. कालचं म्हणून कोणी नाक मुरडत नाही, कारण त्याचं नाव 'राइस' आहे.

त्यातली कोंबडीसुद्धा नवीच. गावरान कोंबडी जावई आला तर कापत. भातात चार तुकडे टाकण्याइतकी ती स्वस्त झाली ती ब्रॉयलरमुळे. बी. व्ही. राव यांनी १९७१ साली वेंकटेश्वरा हॅचरीज काढली. तिचा कारभार पुण्यातून वाढला. त्यांच्याच पुढाकाराने १९८२ साली अंडी उत्पादकांची राष्ट्रीय समन्वय समिती उभी राहिली. सोयाबीनही इथे आडवाटेने येतं. मराठवाडा-विदर्भातलं सोयाबीन आधी तेलाच्या गिरणीत जातं, उरलेली पेंड कोंबडीच्या खाद्यात. म्हणजे या भातात सोया बाटलीतून चमचाभर पडतं आणि कोंबडीच्या पोटातून त्याहून पुष्कळ जास्त.

आता करण्याबद्दल, कारण भाचीला इतिहास नको होता. गाडीवरची चव घरी येत नाही, ही तक्रार खरी आहे. तिथे कढईखाली भट्टीचा जाळ असतो, आपल्या शेगडीला तो झेपत नाही. स्टेकहाऊसचा भात मात्र घरी जमतो, कारण त्याला जाळ नको, तापलेलं जाड सपाट लोखंड हवं. भाकरीचा मोठा, जड तवा म्हणजे आपला तेप्पान. तो मध्यम आचेवर सात-आठ मिनिटं नुसता तापू द्यावा.

तांदूळ बासमती नको. जपानी तांदूळ आखूड आणि जरा चिकट असतो. अमेरिकेतल्या स्टेकहाऊसांत बहुधा कॅलिफोर्नियाचा मध्यम दाणा वापरतात. आपल्याकडे त्याला सगळ्यांत जवळचा इंद्रायणी. तो वडगाव मावळच्या संशोधन केंद्रात आंबेमोहर १५७ आणि 'आयआर ८' यांच्या संकरातून तयार झाला आणि १९८७ साली प्रसारित झाला. वास आंबेमोहराचा, उत्पन्न 'आयआर ८'कडून. नेहमीपेक्षा पाव वाटी पाणी कमी घालून शिजवावा. गार होताना दाण्यातलं पिष्ट घट्ट बसतं, पृष्ठभाग कोरडा होतो, म्हणून ताजा भात तव्यावर लगदा होतो आणि कालचा सुटा राहतो.

पण कालचा म्हणजे ओट्यावर रात्रभर झाकून ठेवलेला नव्हे. भातात बॅसिलस सिरियस नावाचा जिवाणू असू शकतो. त्याची बीजं शिजवूनही मरत नाहीत, आणि ऊबेत वाढून त्याने सोडलेलं विष परतल्याने नाहीसं होत नाही. सत्तरीच्या दशकात ब्रिटनमध्ये चिनी उपाहारगृहांतल्या परतलेल्या भातामुळे उलट्या झाल्याच्या घटनांतून हे नीट उलगडलं. वास आला नाही म्हणजे चांगला, ही आमच्या आज्यांची कसोटी इथे पुरत नाही. भात शिजल्यावर परातीत पातळ पसरावा, पंख्याखाली निववावा आणि तासाभरात फ्रिजमध्ये ठेवावा.

चार वाट्या भाताला पावशेर कोंबडीचे बिनहाडाचे बोराएवढे तुकडे, दोन अंडी, एक कांदा, एक गाजर अगदी बारीक, मूठभर कांद्याची पात. हडपसरच्या मंडईत हे सगळं सकाळी मिळतं. गाजर मात्र हिवाळ्यातलं घ्यावं. दोन मोठे चमचे लोण्यात चार पाकळ्या लसूण ठेचून आधीच कालवून ठेवावी. या भाताची ओळख याच लोण्यात आहे आणि ती अमेरिकेने दिली. चिनी आचारी फ्राइड राइसमध्ये लोणी घालणार नाही. तव्यावर थोडं तेल घालून कोंबडी मीठ-मिरी लावून परतावी, बाजूला सारावी. कांदा-गाजर. मग मोकळ्या जागी अंडी फोडून तिथेच मोडावीत. त्यावर हाताने मोकळा केलेला भात, वर लसणीचं लोणी. उलथन्याने दाबावं, मिनिटभर हलवू नये, मग उलटावं, असं तीन-चारदा. दोन चमचे सोया सॉस भातावर नव्हे, तापलेल्या लोखंडावर कडेने सोडावा, म्हणजे तो करपता करपता सुगंधतो. शेवटी पात आणि भाजलेले तीळ.

तेल मी करडईचं वापरते, लाकडी घाण्याचं. त्याचा वास लोण्याशी थोडा भांडतो, असं भाचीचं मत पडलं; मला पटलं नाही. तव्याच्या मध्यभागी तांबूस, कुरकुरीत थर धरतो. जपानीत त्याला 'ओकोगे' म्हणतात, आमच्याकडे खरवड. ती आईच्या ताटलीत जायची. आता तिच्यावरून दोघींची ओढाताण होते, म्हणून मी तवा थेट टेबलावर आणून ठेवते आणि उलथनं मधे.