स्टार मेकर (कादंबरी)

स्टार मेकर ही ब्रिटिश लेखक व तत्त्वज्ञ ओलाफ स्टेपलडन (१८८६–१९५०) यांची १९३७ मध्ये प्रकाशित झालेली इंग्रजी विज्ञान कादंबरी आहे. विश्वव्यापी दुःख आणि त्याविषयी निर्मात्याची अलिप्तता हा तिचा मध्यवर्ती विषय आहे.

पार्श्वभूमी

पहिल्या महायुद्धात स्टेपलडन यांनी शस्त्र न उचलता क्वेकर पंथीयांच्या रुग्णवाहिका पथकात चालक म्हणून काम केले. लास्ट अँड फर्स्ट मेन (१९३०) या कादंबरीत त्यांनी मानववंशाचा सुमारे दोन अब्ज वर्षांचा भावी इतिहास कल्पिला होता. स्टार मेकरचा पट त्याहून कितीतरी विशाल आहे. ती लिहिली जात असताना युरोपवर दुसऱ्या महायुद्धाचे सावट होते.

कथानक

रात्री टेकडीवर बसलेल्या एका इंग्रज निवेदकाचे मन देहापासून विलग होऊन अवकाशात प्रवास करू लागते. वाटेत इतर ग्रहांवरील मने त्याला येऊन मिळतात. या प्रवाशांना अनेक संस्कृती उदयास येताना व आत्मघाताने नष्ट होताना दिसतात. काही साम्राज्ये धर्मवेडाने इतर ग्रहांचा संहार करतात. काही शांतताप्रिय ग्रह प्रतिकाराऐवजी मृत्यू स्वीकारतात. पुढे तारेही सजीव असल्याचे उघड होते. ताऱ्यांना त्यांच्या मार्गावरून हलविण्याच्या प्रयत्नांतून तारे व ग्रह यांच्यात विनाशकारी संघर्ष होतो.

निर्माता आणि दुःख

अखेरीस विश्वमनाला निर्मात्याचे दर्शन घडते. हा निर्माता दयाळू पिता नसून कलावंत आहे. तो एकामागून एक विश्वे रचतो, त्यांचे परीक्षण करतो आणि अधिक परिपक्व निर्मितीकडे वळतो. जीवांच्या यातना त्याला ज्ञात असतात, पण तो त्या निवारत नाही. अशा निर्मात्याला वंदन करावे की त्याचा निषेध करावा, हे द्वंद्व निवेदक पूर्णतः सोडवू शकत नाही. पृथ्वीवर परतल्यावर आपल्या घरातील लहानसा सहजीवनाचा प्रकाश आणि ताऱ्यांचा थंड प्रकाश या दोहोंचा आधार त्याला वाटतो.

प्रभाव व समीक्षा

ताऱ्याची ऊर्जा साठविण्यासाठी त्याभोवती आवरण उभारण्याची या कादंबरीतील कल्पना भौतिकशास्त्रज्ञ फ्रीमन डायसन यांना ‘डायसन गोला’ या संकल्पनेसाठी प्रेरक ठरली. आर्थर सी. क्लार्क यांनी कादंबरीची प्रशंसा केली. ख्रिस्ती विचारवंत सी. एस. लुईस यांना मात्र तिचा शेवट सैतानपूजेसारखा वाटला. नेब्युला मेकर हा तिचा आधीचा अपूर्ण खर्डा लेखकाच्या मृत्यूनंतर १९७६ मध्ये प्रसिद्ध झाला.